मयताच्या मागे धावणारी माणसं

शववाहिका काळी आहे, रीतसर आहे, तिच्यावर पुष्पचक्रं टांगलेली आहेत. फक्त ती ओढायला घोड्याऐवजी उंट जुंपलाय. मागे मयताला आलेली मंडळी जमली आहेत, काळे कोट, उंच टोप्या, सगळं प्रसंगाला साजेसं. त्यांतला एक जण पुष्पचक्राचा तुकडा मोडून तोंडात टाकतो. पुष्पचक्र पावाचं आहे. मग यात्रा निघते आणि ही सगळी प्रतिष्ठित माणसं चालायच्या ऐवजी उड्या मारायला लागतात. स्लो मोशनमध्ये. पाय हवेत, कोटाची शेपटी हवेत, आणि चेहरे मात्र मयताला शोभतील असेच.

हा प्रसंग १९२४च्या 'आँत्राक्त' या फ्रेंच मूकपटातला. दिग्दर्शक रने क्लेअर, मूळ कल्पना चित्रकार फ्रान्सिस पिकाबियाची, संगीत एरिक सातीचं. लांबी जेमतेम बावीस मिनिटं. तुमच्या फोनवर तो सहज सापडेल आणि एका लोकल प्रवासात बघून संपेल. शंभर वर्षांपूर्वीचा, काळापांढरा, संवाद नसलेला, कथाही धड नसलेला हा चित्रपट आज का बघायचा, याचं नेहमीचं उत्तर 'सिनेमाच्या इतिहासात महत्त्वाचा आहे म्हणून' असं असतं. त्या उत्तराने कुणीही काही बघत नाही. माझं उत्तर वेगळं आहे. मृत्यूवर हसता येतं का, हसलं तर नेमकं कुणाला हसतोय आणि त्या हसण्याची किंमत कोण मोजतं, हे प्रश्न आपल्याला आजही सुटलेले नाहीत. हा चित्रपट ते फार अचूकपणे मांडतो.

मध्यंतरासाठी बनवलेला चित्रपट

'आँत्राक्त' या शब्दाचा अर्थच मुळी मध्यंतर. पॅरिसमध्ये त्या काळी 'बाले स्युएद्वा' म्हणजे 'स्वीडिश बॅले' नावाची एक मंडळी होती. रोल्फ द मारे हा तिचा मालक आणि झाँ बॉर्लिन हा मुख्य नर्तक व नृत्यदिग्दर्शक. त्यांच्यासाठी पिकाबिया आणि साती यांनी एक बॅले रचला आणि त्याला नाव दिलं 'रलाश'. नाटकगृहाच्या दारावर 'रलाश' अशी पाटी लागली की त्याचा अर्थ 'आज प्रयोग नाही'. म्हणजे प्रयोगाचं नावच 'आज प्रयोग नाही'. या बॅलेच्या दोन अंकांच्या मध्ये दाखवायला पिकाबियाला एक चित्रपट हवा होता. पडदा पडला, लोक उठून बाहेर जायला लागले, की तेवढ्यात सुरू होणारा. त्याने काही कल्पना कागदावर खरडल्या आणि तेव्हा पंचविशीत असलेल्या क्लेअरच्या हाती दिल्या.

पहिला प्रयोग २७ नोव्हेंबर १९२४ला शाँझेलिझे थिएटरात होता. त्या दिवशी बॉर्लिन आजारी पडला. लोक नटूनथटून आले तर दारं बंद, आणि 'रलाश' या नावाचा प्रयोग खरोखरच रलाश! ही पिकाबियाची आणखी एक चेष्टा आहे, अशी अनेकांची समजूत झाली. शेवटी ४ डिसेंबरला प्रयोग झाला. बॅले सुरू होण्याआधी चित्रपटाचा छोटासा आरंभ दाखवला गेला: छतावर एक तोफ आपोआप इकडून तिकडे फिरतेय, साती आणि पिकाबिया स्लो मोशनमध्ये उड्या मारत तिच्यापाशी येतात, आपसांत सल्लामसलत करतात, गोळा भरतात. तोफेचं तोंड सरळ आपल्याकडे वळलेलं. उरलेला चित्रपट मध्यंतरात.

ही पार्श्वभूमी सांगायचं कारण असं की चित्रपटाकडे बघण्याची पहिली चावी त्यातच आहे. मध्यंतर म्हणजे खऱ्या गोष्टीच्या मधला रिकामा वेळ. पाय मोकळे करायचा, चहा प्यायचा, ज्याचा हिशेब कुणी ठेवत नाही असा वेळ. पिकाबिया आणि क्लेअर यांनी मृत्यू आणून बसवला तो नेमका या वेळेत. एरवी शोकांतिकेच्या शेवटच्या अंकात, दिवे मंद करून, ज्याला मानाची जागा मिळते, तो इथे दोन अंकांच्या मध्ये, अर्धं प्रेक्षागृह खुर्च्या सरकवत असताना येऊन जातो.

'अर्थ शोधू नका' हा सल्ला

'आँत्राक्त'बद्दल वाचायला गेलात तर एक वाक्य वेगवेगळ्या रूपांत भेटेल: हा दादावादी चित्रपट आहे, यात अर्थ शोधू नका. सल्ला अगदीच चुकीचा नाही. पहिल्या दहा मिनिटांत जे दिसतं त्याची संगती लावायला बसलात तर डोकं दुखेल. फुग्यासारखी डोकी असलेल्या बाहुल्या फुगतात आणि आकसतात. कागदी होडी पॅरिसच्या घरांच्या छपरांवरून तरंगत जाते. कॅमेरा काचेखाली ठेवून एक बॅले नर्तकी खालून चित्रित केलीय. तिचा घेरदार झगा फुलासारखा उमलतो, मिटतो, पुन्हा उमलतो. बराच वेळ आपण ते बघत राहतो, मग कॅमेरा वर जातो आणि चेहरा दिसतो तर भरगच्च दाढी. मार्सेल दुशाँ आणि मॅन रे थिएटरच्या छतावर बुद्धिबळ खेळत बसलेत, आणि पाण्याचा एक जोरदार फवारा येऊन पट, सोंगट्या सगळं धुऊन नेतो.

पण 'अर्थ शोधू नका' म्हटलं की आपण बघणंही सोडून देतो, ही या सल्ल्याची खोड. 'ॲब्सर्ड आहे' म्हटलं की काम संपलं. बुद्धिबळाचा प्रसंग नीट बघा. दोन हुशार माणसं, नियमांनी बांधलेला खेळ, पुढच्या चालीचा विचार, आणि पटाशी काहीही संबंध नसलेल्या दिशेने आलेलं पाणी. कुणी हरलं नाही, कुणी जिंकलं नाही. डाव संपला. त्यानंतर लगेचच येणारा मृत्यू नेमका अशाच पद्धतीने येतो.

तो असा. तिरोली टोपी घातलेला एक शिकारी बंदूक रोखून उभा आहे. ही भूमिका झाँ बॉर्लिनचीच. त्याचं लक्ष्य आहे कारंज्याच्या धारेवर नाचणारं एक अंडं. अंडं एकाची अनेक होतात, पुन्हा एक होतं. तो नेम धरतो, सोडतो, पुन्हा धरतो. शेवटी गोळी लागते, अंडं फुटतं आणि त्यातून एक कबूतर निघून त्याच्या टोपीवर येऊन बसतं. शिकारी खूश. तेवढ्यात समोरच्या छतावरून पिकाबिया त्याच्या दिशेने बंदूक रोखतो, गोळी झाडतो आणि शिकारी छतावरून खाली.

मारायला निघालेल्याच्या हातून एक जीव बाहेर आला, आणि त्या आनंदाच्या क्षणी तो स्वतः मेला. मारणारा कोण? ज्याने ही गोष्ट लिहिली तोच. कारण काय? काहीही नाही. सूड नाही, पाप नाही, नियती नाही. मृत्यूला कथेत शिरायला एरवी काहीतरी निमित्त लागतं आणि आपण ते निमित्त 'कारण' म्हणून जपून ठेवतो: औषध वेळेवर मिळालं नाही, गाडी जोरात होती, नशिबातच नव्हतं. क्लेअर आणि पिकाबिया ते निमित्त काढून घेतात. उरतो फक्त पडण्याचा एक शॉट आणि त्यापुढे थेट अंत्ययात्रा. रडणारी एकही व्यक्ती चित्रपटात नाही.

वेगाचा प्रश्न

आता त्या यात्रेकडे या. माझ्या मते 'आँत्राक्त'चा गाभा इथे आहे, आणि तो कल्पनांपेक्षा वेगात आहे.

अंत्ययात्रा जगात कुठेही असो, तिची एक चाल ठरलेली असते. फार हळू नाही, फार भरभर नाही. मेलेला माणूस आता कोणत्याच वेगाने चालत नाही, पण आपण त्याला आपल्या चालीत सामील करून घेतो. तो आपल्यासोबत शेवटचं चालतोय, अशी ती सोय आहे. त्या चालीत शोक असतो, शिस्त असते आणि 'आम्ही अजून इथे आहोत' हा दिलासाही असतो.

क्लेअर आधी ही चाल अति हळू करतो. स्लो मोशनमध्ये गंभीर माणसं हरणांसारखी उडतात तेव्हा आपण हसतो, कारण गांभीर्य हे वेगावर किती अवलंबून आहे ते उघडं पडतं. तीच माणसं, तेच काळे कोट, तेच चेहरे. वेग बदलला आणि शोकाचं नृत्य झालं. माणसाच्या जिवंत शरीरात यंत्र शिरलेलं दिसलं की हसू येतं, असं फ्रेंच तत्त्वज्ञ आंरी बेर्गसाँने १९००च्या सुमारास मांडलं होतं. इथे यंत्र म्हणजे कॅमेराच. माणसं नेहमीसारखी वागतायत, विनोद करतोय तो फिल्मचा वेग.

यात्रा लुना पार्क या मनोरंजन उद्यानातल्या छोट्या आयफेल टॉवरला प्रदक्षिणा घालते. मग शववाहिका उंटापासून सुटते. उतार लागतो आणि ती स्वतःच्याच वेगाने निघते. आधी मंडळी भरभर चालतात, मग धावतात. चित्रपटही धावायला लागतो. कट छोटे होत जातात. रस्ता, झाडं, सायकलस्वार, मोटारी, पुन्हा रस्ता, उलटा रस्ता, मग रोलर कोस्टरवर बसवलेला कॅमेरा. शेवटी काय दिसतंय ते कळेनासं होतं, फक्त वेग उरतो. या सगळ्याच्या पुढे शवपेटी. मेलेला माणूस सगळ्यांत वेगवान आहे, आणि जिवंत माणसांना त्याच्याशी बरोबरी साधता येत नाही.

पाठलागाचा हा प्रकार क्लेअरने शोधलेला नाही. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात पाथे आणि गोमाँ या फ्रेंच कंपन्यांनी अशा धावपळीच्या विनोदी फिल्म्स ढिगाने काढल्या. अमेरिकेत मॅक सेनेटने त्यांत पोलीस आणि मोटारी आणल्या. क्लेअर या दोन्ही परंपरांचा चाहता होता. त्याने केलं ते एवढंच की पळणाऱ्या चोराच्या जागी प्रेत ठेवलं. एवढ्याने सगळं बदललं. चोराला पकडायचं असतं म्हणून त्याच्या मागे धावतात. प्रेताच्या मागे का धावायचं? पकडल्यावर करणार काय, तर पुन्हा हळू चालीने पुरायला नेणार. पण कुणी थांबत नाही. शोक असो नसो, यात्रा पूर्ण झाली पाहिजे.

सातीचं संगीत या सगळ्याला चिकटून चालतं. त्याने क्लेअरकडून दृश्यांच्या लांबीचा तपशील मागवून घेतला आणि त्या मापाने लहान लहान स्वरतुकडे रचले. एखाद्या विशिष्ट चित्रपटासाठी, दृश्यांशी मेळ साधत लिहिलेल्या संगीताच्या सुरुवातीच्या उदाहरणांत त्याची गणना होते. त्यात करुण आलाप नाहीत. एक तुकडा येतो, तोच पुन्हा येतो, कंटाळा येईपर्यंत येतो, मग दुसरा. दृश्य काय वाटायला लावतंय याच्याशी संगीताला देणंघेणं नसल्यासारखं. आजच्या चित्रपटांत कुणी गेलं की व्हायोलिनं आपल्याला रडायची वेळ सांगतात. इथे संगीत कुठलीच सूचना देत नाही, त्यामुळे हसायचं की नाही हे ठरवण्याची जबाबदारी आपल्यावर येते.

१९२४चं पॅरिस

अशी चेष्टा करायला कुठलं धाडस लागतं, असं वाटत असेल तर तारखा बघा.

पहिल्या महायुद्धात फ्रान्सचे जवळपास चौदा लाख सैनिक मेले. अनेकांची प्रेतं सापडली नाहीत, सापडली त्यांतली अनेक ओळखता आली नाहीत. त्या सगळ्यांच्या वतीने एका अनाम सैनिकाचा देह ११ नोव्हेंबर १९२० रोजी पॅरिसच्या विजयकमानीखाली आणला गेला. १९२३पासून तिथे अखंड ज्योत जळू लागली. गावोगाव स्मारकं उभी राहत होती. १२ ऑक्टोबर १९२४ला नोबेलविजेता लेखक आनातोल फ्रान्स गेला आणि त्याला सरकारी इतमामात निरोप मिळाला. आंद्रे ब्रतों, लुई आरागाँ, पॉल एल्युआर आदी तरुण मंडळींनी त्याच महिन्यात त्याच्याविरुद्ध 'एक प्रेत' नावाचं जळजळीत पत्रक काढलं. ब्रतोंचा सर्रिअलिझमचा जाहीरनामाही त्याच महिन्यातला. २३ नोव्हेंबरला, म्हणजे 'रलाश'च्या ठरलेल्या पहिल्या प्रयोगाच्या चारच दिवस आधी, समाजवादी नेता झाँ झोरेस याचे अवशेष प्रचंड मिरवणुकीने पाँतेआँ या राष्ट्रीय समाधिस्थळात नेण्यात आले. युद्ध टाळायची धडपड करणाऱ्या झोरेसचा खून १९१४मध्ये, युद्ध पेटण्याच्या तोंडावर झाला होता.

चित्रपट या यात्रांवर बेतला आहे, असा माझा दावा नाही. पण ४ डिसेंबरला शाँझेलिझे थिएटरात बसलेल्या प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर त्या होत्या. रस्त्यावर संथ चालीने जाणारं ते भव्य शोकनाट्य त्याने दहा-बारा दिवसांपूर्वीच पाहिलं किंवा वाचलं होतं. आता पडद्यावर उंट, पावाची पुष्पचक्रं आणि पळून जाणारी शवपेटी. प्रेक्षागृहात हशा आणि शिट्ट्याशिव्या एकत्र उसळल्या, यात नवल नाही. आणि पिकाबियाला तो गोंधळच हवा होता.

दादावाद मुळात जन्मला तो युद्धाच्या ऐन मध्यावर, १९१६ साली, झ्युरिकमध्ये. ज्या सुसंस्कृत, तर्कशुद्ध, गंभीर युरोपने चौदा लाख फ्रेंच आणि त्याहून जास्त जर्मन तरुण मारले, त्या युरोपचं गांभीर्य आता ऐकून घ्यायचं नाही, ही त्यामागची चीड. म्हणून 'आँत्राक्त'मधला विनोद मेलेल्यावर नाही असं मला वाटतं. शिकाऱ्याची चेष्टा चित्रपट कुठेच करत नाही. तो शवपेटीत शांत पडलेला आहे. चेष्टा आहे ती उंच टोप्यांची. माणूस मरेपर्यंत ज्यांनी काही केलं नाही आणि मेल्यावर रांगेत मानाची जागा शोधली, त्यांची.

तो पाय नसलेला माणूस

इथवर मी चित्रपटाची बाजू घेतली. आता जिथे अडखळायला होतं ते ठिकाण.

धावणाऱ्यांमध्ये एक पाय नसलेला माणूस आहे. चाकं लावलेल्या फळीवर बसून, हातांनी जमीन रेटत तो यात्रेसोबत येतोय. वेग वाढतो, तो मागे पडायला लागतो. मग तो सरळ फळीवरून उठतो आणि दोन धडधाकट पायांनी पळत सुटतो.

विनोद म्हणून तो चोख बसतो. पण १९२४च्या पॅरिसमध्ये पाय गमावलेली माणसं रस्तोरस्ती होती आणि त्यांतली फार थोडी ढोंगी होती. क्लेअर स्वतः युद्धात रुग्णवाहिका पथकात होता. तुटलेली शरीरं त्याने जवळून पाहिली होती. पिकाबियाने मात्र युद्धाचा बराच काळ न्यूयॉर्क आणि बार्सिलोनात काढला. मग हा विनोद कुणाचा, आणि कुणावर?

बचाव करता येतो. असं म्हणता येतं की हा फसव्या भिकाऱ्याचा जुना सर्कशी विनोद आहे. असंही म्हणता येतं की मेलेला उठणार आहे त्याची ही पूर्वसूचना: आधी पाय परत येतात, मग प्राण. दुसरा बचाव मला जास्त पटतो. तरीही तो पुरेसा वाटत नाही. शाँझेलिझे थिएटरातली तिकिटं परवडणारा प्रेक्षक हसला तेव्हा बाहेरच्या पायरीवर बसलेला, खरोखर पाय नसलेला माणूस त्या हसण्याचा भागीदार नव्हता. उंच टोप्यांना हसणारा विनोद इथे एका क्षणापुरता खालच्या पायरीवरच्या माणसाकडे वळतो, आणि त्याला ते कळत नाही. चित्रपट मला आवडतो म्हणून हा शॉट 'त्या काळचा' म्हणून सोडून द्यायची माझी तयारी नाही.

या शॉटने आणखी एक गोष्ट स्पष्ट होते. मृत्यूवरचा विनोद चालतो, कारण मरण सगळ्यांना सारखं आहे, त्यात हसणाराही धरलेला असतो. जखमेवरचा विनोद तसा नाही. जखमा सारख्या वाटलेल्या नसतात.

नाचणारे खांदेकरी

हे सगळं शंभर वर्षांपूर्वीचं म्हणून दूर ठेवावं, तर २०२० आठवतं. घानामधल्या शवपेटी खांद्यावर घेऊन नाचणाऱ्या खांदेकऱ्यांचे व्हिडिओ तेव्हा प्रत्येकाच्या फोनवर होते. कुणी सायकलवरून पडतोय, कुणी छपरावरून घसरतोय, आणि आपटण्याच्या आधी कट: काळ्या सुटातली माणसं, ते ढिंच्याक संगीत, नाचणारी पेटी. पडणं आणि लगेच अंत्ययात्रा, मध्ये काहीही नाही. 'आँत्राक्त'मध्ये शिकारी छतावरून पडतो आणि पुढे यात्रा सुरू होते, तोच हा कट. मीम बनवणाऱ्या पोरांनी क्लेअर पाहिला असण्याची गरज नाही. विनोदाची रचना तीच आहे, कारण भीती तीच आहे.

फरकही आहे. घानात ती चेष्टा नाही. आपल्या माणसाला थाटात निरोप द्यायचा म्हणून कुटुंबं त्या खांदेकऱ्यांना बोलावतात, नाच हा तिथे मानच आहे. बाकी जगाने तो संदर्भ कापून फक्त हसू घेतलं. आणि त्याच महिन्यांत आपल्याकडे टाळेबंदीच्या नियमाने अंत्यविधीला वीसच्या वर माणसं चालत नव्हती. करोनाने गेलेल्यांच्या वाट्याला अनेकदा तीही नव्हती. खांदा द्यायला माणूस नाही आणि फोनवर खांदेकरी नाचतायत, अशी ती वेळ होती.

त्या दिवसांनंतर 'आँत्राक्त' बघताना उंच टोप्यांना हसणं मला पूर्वीइतकं सोपं जात नाही. ज्या यात्रेची क्लेअर टर उडवतो ती पोकळ असेल, दिखाऊ असेल, पण ती हिरावून घेतली गेली तेव्हा काय होतं ते आपण पाहिलंय. ठरलेली चाल, ठरलेली रांग, ठरलेले शब्द यांच्या आधारानेच बहुतेक माणसं त्या दिवशी उभी राहतात. एवढं मान्य करूनही मी म्हणेन की चित्रपट खोटा ठरत नाही. पेटी सुटून पळते तेव्हा ती मंडळी जीव तोडून मागे धावतातच ना. टोप्या उडतात, रांग मोडते, मान कुणाला ते कुणी बघत नाही. यात्रेची शिस्त मोडल्यावरच ती माणसं खऱ्या अर्थाने मेलेल्याच्या मागे जातात. क्लेअरने हे ठरवून केलं की नाही, कोण जाणे. पडद्यावर ते आहे.

जादूगार

शेवटी पेटी गाडीतून उडून एका मोकळ्या शेतात पडते. धापा टाकत थोडी मंडळी पोचतात. झाकण उघडतं आणि आत प्रेत नाही. चकचकीत पोशाखातला जादूगार हसत उठून बसतो. हातात कांडी. तो एकेकाकडे कांडी रोखतो आणि एकेक जण नाहीसा होतो. शेवटी तो कांडी स्वतःकडे वळवतो आणि तोही नाहीसा.

ही युक्ती सिनेमाइतकीच जुनी आहे. कॅमेरा थांबवायचा, माणसाला बाजूला करायचं, कॅमेरा पुन्हा सुरू करायचा. जॉर्ज मेलिएसने १८९६मध्येच एका बाईला अशी गायब करून दाखवली होती. १९२४मध्ये तो मेलिएस जिवंत होता पण विस्मरणात गेला होता. कंपनी बुडाली होती, आणि १९२३मध्ये त्याने स्वतःच आपल्या फिल्म्सच्या निगेटिव्हज जाळून टाकल्या होत्या. सिनेमाच्या पहिल्या जादूगाराचं काम राख झाल्यावर वर्षभरात क्लेअरने पेटीतून एक जादूगार उठवला.

यामागे आणखी जुनं एक आश्वासन आहे. लुमिएर बंधूंचा पहिला जाहीर खेळ डिसेंबर १८९५मध्ये झाला, तेव्हा पॅरिसच्या एका वृत्तपत्राने लिहिलं होतं की आता लोक आपल्या प्रिय व्यक्तींना हलताबोलताना टिपून ठेवतील आणि मृत्यू पूर्वीसारखा संपूर्ण राहणार नाही. सिनेमा मृत्यूला हरवेल, ही आशा सिनेमाच्या जन्माइतकीच जुनी. 'आँत्राक्त' ती आशा घेतो आणि तिचा खेळ करून दाखवतो. मेलेला उठतो खरा, पण उठल्यावर जिवंतांना पुसून टाकतो आणि स्वतःही उरत नाही. शेत रिकामं राहतं. हसू येतं, आणि त्यासोबत थोडी थंडीही वाजते.

साती या चित्रपटात हॅट घालून, छत्री घेऊन छतावर उड्या मारतो. तेव्हा तो ५८ वर्षांचा होता. हे संगीत त्याच्या अखेरच्या कामांपैकी एक. १ जुलै १९२५ला, प्रयोगानंतर सात महिन्यांच्या आत, तो यकृताच्या आजाराने गेला. 'स्वीडिश बॅले' मंडळी त्याच वर्षी मोडली. पेटीतून उठलेला बॉर्लिन १९३०मध्ये न्यूयॉर्कला गेला तो परत उठला नाही. वय अवघं ३७. एकटा क्लेअर पुढे १९८१पर्यंत जगला, फ्रेंच अकादमीचा सदस्य झाला, म्हणजे उंच टोप्यांच्या रांगेत स्वतःच जाऊन बसला. यातलं काहीच चित्रपटाला माहीत नाही. तिथे साती अजूनही हवेत आहे, छत्री हातात, खाली यायच्या बेतात.

बघणार असाल तर दोन गोष्टी करा. दीडपट वेगाने बघू नका. हा चित्रपट वेगाबद्दलच आहे, तो वेग तुम्ही ठरवलात तर क्लेअरला करायला काही उरत नाही. स्लो मोशन, रिव्हर्स, फास्ट हे सगळं आता आपल्या अंगठ्याखाली आहे, म्हणून ते दुसऱ्या कुणाच्या तरी हातात देऊन बघण्यात मजा आहे.

आणि 'फिन' म्हणजे 'समाप्त' हे अक्षर आल्यावर बंद करू नका. तो कागद फाडून एक माणूस आपल्याकडे उडी मारतो. जमिनीवर पडतो. कुणाची तरी लाथ त्याच्या डोक्यावर बसते, आणि फिल्म उलटी फिरते. तो उलटा उडत कागदाच्या पलीकडे जातो, फाटलेला कागद पुन्हा जोडला जातो आणि 'समाप्त' ही अक्षरं होती तशी उभी राहतात.